भाव

उद्या सकाळी अकरा, कोर्ट क्रमांक दोन, दुसरी फेरी.
रात्री बारापर्यंत दीडशे शब्द हवेत
आणि तळाशी एक ओळ: कोण जिंकणार, किती सेटमध्ये.
स्टेशनसमोरच्या पैजेच्या दुकानात
सकाळी हा कागद काचेवर लागतो.
ट्रामची वाट बघणारे तो वाचतात
हवामान वाचावं तसा,
विश्वास न ठेवता,
आणि तरी छत्री घेऊन.

लिहितो:
इलिंका व्राबिये, वय बावीस, इथलीच. भाव १.४५.
राद्का शिमोनकोवा, डावखुरी, पात्रता फेरीतून आलेली. भाव २.७५.
मातीवरच्या गेल्या बारा सामन्यांत व्राबियेचे नऊ विजय.
शिमोनकोवाची सर्व्हिस वाऱ्यात भरकटते,
आणि आमच्या याश शहरात जूनचा वारा
बरोबर अकराला उठतो
लिंडनच्या फुलांचा वास घेऊन.
वास खोडतो.
वासावर कुणी पैसे लावत नाही.

माझं नाव तिबेरियू. सव्वीस वर्षं
बेसलाइनमागे, गुडघ्यांवर हात, वाकलेला.
माझं काम एका शब्दाचं होतं: आउट.
आत पडला तर तेवढाही नाही,
नुसते तळहात जमिनीकडे.
मग कॅमेरे आले. त्यांचे गुडघे दुखत नाहीत.
साहेबांनी हात मिळवला, भिंतीवरचं घड्याळ दिलं,
ते दिवसाला चार मिनिटं पुढे पळतं.

आता जो चेंडू अजून कुणी मारलाच नाही
तो आत की बाहेर
हे सांगायचे पैसे मिळतात.

माती बरी होती. चेंडू निघून गेला
तरी त्याचा वळ मागे राहायचा.
भांडण झालं तर पंच खुर्चीवरून उतरायचा,
बोटाने दाखवायचा: हा बघ.
उद्याला वळ नसतो.

आज सात वाजता औषधांच्या दुकानात
रांगेत माझ्या पुढे इलिंका.
घोट्याची पट्टी, बर्फाची पिशवी,
दुखणं थांबवायच्या गोळ्या, त्यातल्या जोराच्या.
डावा पाय जमिनीला टेकवत नव्हती.
मागे वळली. म्हणाली, तुम्हीच ना?
चौदा वर्षांखालची फायनल, शेवटचा पॉइंट,
माझा चेंडू तुम्ही बाहेर दिलात.
दोन बोटांत अंतर दाखवलं, तांदळाच्या दाण्याएवढं.
मी काही बोलायच्या आत म्हणाली,
बाहेरच होता. आई अजून मानत नाही.

कुणाला सांगू नका, असं नाही म्हणाली.
सुटे पैसे मोजून दिले,
आणि तीन पायऱ्या उतरली
एकेका पायरीवर दोन्ही पाय आणत.

म्हणजे १.४५ हा भाव खोटा आहे
आणि ते या गावात मला ठाऊक आहे, आणि गोळ्या देणाऱ्या बाईला.
पाचशे लेउ गुणिले २.७५.
हिशेब कागदावर करत नाही, पण होतोच:
वरच्या दोन दाढा, आणि थोडे उरतात.
किंवा नुसतं लिहून टाकावं, घोटा,
एक शब्द, जसा आयुष्यभर ओरडलो,
जे दिसलं ते.
मग सकाळी दहापर्यंत सगळं गाव
तिच्या डाव्या पायाकडे बघत असेल,
आणि जाळीपलीकडची डावखुरीसुद्धा.

घड्याळात बारा. म्हणजे अजून चार मिनिटं.

तळाची ओळ लिहितो: व्राबिये, तीन सेटमध्ये.
दीडशे शब्दांत घोटा कुठेच नाही.
पाठवतो.

भिंतीवर तीन टकटका. शेजारचा कासियान,
त्याची पेन्शन आज आली.
तिबेरियू, किती लावू?
काही लावू नकोस.
म्हणजे पोरगी हरणार?

तो भिंतीला कान लावून उभा असेल.
मी अंधारात खुर्चीवर वाकलेला.
त्याला भिंतीतून दिसत नाही
मी तळहात जमिनीकडे केलेत ते.